मोत्याचा खाऊ

कुत्र्यासाठीं स्वयंपाकघरांत मुद्दाम कांहीं करावें, असें आम्हांस पूर्वीं कोणीं सांगितलें असतें, तर आम्ही हंसलों असतों. परंतु जव्हारास येऊन राहिल्यावर मोत्या नांवाच्या एका गांवठी कुत्र्यानें आमची ओटी आपलीशी केली, आणि पाहुण्यांनीं आणलेल्या विकतच्या बिस्किटांची त्याला चटक लागली. तीं महाग; शिवाय त्यांत काय असतें, हें पुड्यावर वाचूनही उमगेना. तेव्हां आम्हीं घरींच हा उद्योग आरंभिला.

कृति सोपी आहे. २ वाट्या नागलीचें पीठ, १ वाटी उकडून कुसकरलेला लाल भोपळा व १ अंडें एकत्र घट्ट मळावें. बोटाच्या पेराएवढे तुकडे पाडावे आणि तव्यावर मंद आंचेनें कडक होईपर्यंत भाजावे. मीठ, साखर, गूळ नको. कांदा, लसूण व मनुका यांना तर परातीजवळही येऊं देऊं नये. पहिल्या दोहोंनीं कुत्र्याच्या तांबड्या रक्तपेशी नासतात व तिसरीनें मूत्रपिंडें निकामी होऊं शकतात.

जेम्स स्प्रॅट नांवाच्या गृहस्थानें १८६० च्या सुमारास लंडनमध्यें कुत्र्यांचीं बिस्किटें विकावयास आरंभ केला. त्यापूर्वीं, आणि आपल्याकडे त्यानंतरही, कुत्रा माणसाच्या भाकरीवरच जगत आला. लांडग्यापेक्षां त्यास पिष्टमय अन्न अधिक चांगलें पचतें, व त्याचें कारण त्याच्या जनुकांत आहे, असें २०१३ सालीं शास्त्रज्ञांनीं दाखवून दिलें. शेतकऱ्याच्या दाराशीं बसून बसून त्यानें आपलें पोटच बदलून घेतलें म्हणावयाचें!

एवढें ज्ञान पदरीं असल्यावर आम्ही मोठ्या ऐटींत तवा चढवून बसलों होतों. तोंच आम्हांस नागली आणून देणारी मोखाड्याकडील आजी दारांत आली.

“कोणासाठी हे, गुरुजी?”

“मोत्यासाठीं, आजी.”

तिनें एक तुकडा उचलला, हुंगला, मोडून तोंडांत टाकला. “मीठ नाय घातलं. बाकी बरं झालंय.” मग थोड्या वेळानें म्हणाली, “आमच्या पाड्यावर कुत्र्यासाठी येगळं पीठ नाय मळत. परात खरवडून निघंल, ते त्याचं.”

तिच्या बोलण्यांत दोष देण्याचा लवलेश नव्हता. म्हणूनच तें आम्हांस अधिक लागलें. १९९२ सालीं याच जव्हार तालुक्यांतील वावर-वांगणीस कुपोषणानें बालकें दगावलीं आणि साऱ्या महाराष्ट्राची मान खालीं गेली. त्यानंतर योजना पुष्कळ आल्या; तरी दिवाळीनंतर वीटभट्ट्यांच्या वाटेस लागणारीं कुटुंबें अजून दिसतात. १०० ग्रॅम नागलींत सुमारें ३५० मिलिग्रॅम कॅल्शियम असतें. वाढत्या मुलांच्या हाडांना हवें असलेलें हें धान्य आजी विकते व घरीं शिधावाटपाचा तांदूळ शिजविते. आणि आम्ही त्याचा खाऊ करून कुत्र्यास घालतों!

मोत्याचा यांत अपराध नाहीं. श्वानाचा घांस काढून ठेवण्याची रीत आपल्याकडे जुनीच आहे. भाकरी पळविणाऱ्या कुत्र्यामागें तुपाची वाटी घेऊन धांवणाऱ्या नामदेवांची कथा लहानपणीं कोणीं ऐकिली नाहीं? परंतु नामदेवांनीं कुत्र्यासाठीं वेगळी भाकरी थापली नव्हती. आपल्याच भाकरीचें तूप ते त्यास द्यावयास निघाले होते.

“आजी, नागली आधीं घरापुरती ठेवावी, उरेल ती आम्हांस द्यावी,” असें आम्हीं सुचविलें. ती हंसली. “नागली घरात ठेवली, तर तेलमीठ कुठून आणू, गुरुजी?” त्याचें उत्तर आमच्याजवळ नव्हतें, आजही नाहीं.

आम्हांस बदलतां आली ती आमची कृति. परातीस लागलेलें पीठ, रात्रीच्या अळणी भाकरीचा उरलेला तुकडा व भाजीच्या भोपळ्यांतील एक फोड, एवढ्यावरच आतां खाऊ होतो. परात देईल तितकाच. मोत्यास फरक कळलेला दिसत नाहीं.

मागच्या खेपेस आजी आली, तेव्हां डब्यांत दोनच तुकडे होते. तिनें डबा उघडून पाहिला, एक मोत्यापुढें टाकला, आणि दुसरा आपल्या पाड्यावरच्या कुत्र्यासाठीं पदरांत बांधला.