मान्यतेचा प्रश्न : मुंबईची गिरणी चळवळ आणि देशाचे राजकारण

कामगारांच्या वतीने बोलायचे कोणी आणि ते ठरवायचे कोणी, हा भारतातील कामगार चळवळीच्या राजकीय इतिहासातला सर्वांत जुना वाद आहे. मुंबईच्या कापड गिरण्यांत तो सर्वांत आधी उभा राहिला आणि तिथेच सर्वाधिक काळ चालला. कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ साली कापड गिरणीची कंपनी काढली, दोन वर्षांत उत्पादन सुरू झाले. १८७५ मध्ये मालकांनी आपली संघटना उभारली. कामगारांना तशी कायमस्वरूपी संघटना मिळायला आणखी पन्नास वर्षे लागली.

गिरण्यांतले मनुष्यबळ मुख्यतः रत्नागिरी, सातारा आणि देशावरच्या इतर भागांतून आले. पुरुष मुंबईत आणि कुटुंब गावी, अशी अनेकांची रीत होती. भरती जॉबरच्या, म्हणजे मुकादमाच्या, हातात असे. काम मिळवायला त्याला दस्तुरी द्यावी लागे आणि काम टिकवायला त्याची मर्जी सांभाळावी लागे. बदली कामगार सकाळी गिरणीच्या दारात उभा राहायचा. कोणाचा खाडा झाला असेल तर आत जायचा, नाहीतर परत फिरायचा. राहण्याची खोली, जेवणाची खाणावळ आणि वाण्याची उधारी ही सगळी व्यवस्था गावकीच्या नात्यांवर चाले. पुढे महिनोन्‌महिने चाललेल्या संपांना बळ मिळाले ते याच नात्यांतून. संप लांबला की कामगार गावी जाई आणि शेतीच्या आधाराने तग धरी.

लोखंडे ते आयटक

गिरणी कामगारांचा पहिला पुढारी सत्यशोधक समाजातून आला. नारायण मेघाजी लोखंडे १८८० पासून ‘दीनबंधु’ पत्र चालवत होते. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यांनी कामगारांच्या सभा घेतल्या आणि हजारो सह्यांचा अर्ज सरकारकडे पाठवला. आठवड्याला एक सुटी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढेच काम, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत आणि अपघातात जखमी झालेल्यास भरपाई, अशा या मागण्या होत्या. एप्रिल १८९० च्या मोठ्या सभेनंतर मालकांनी त्याच वर्षी जून महिन्यात रविवारची सुटी मान्य केली. लोखंड्यांनी कामगारांसाठी काढलेल्या संस्थेला नोंदलेले सभासद नव्हते, वर्गणी नव्हती आणि नियमही नव्हते. ती कामगारांच्या वतीने बोलत होती, पण तिचे बोलणे ऐकण्याचे बंधन कोणावरही नव्हते.

राष्ट्रीय राजकारणात गिरणी कामगार ठळकपणे उतरला तो जुलै १९०८ मध्ये. लोकमान्य टिळकांना राजद्रोहाच्या खटल्यात सहा वर्षांची शिक्षा झाली आणि मुंबईतील गिरण्यांत सहा दिवस, म्हणजे शिक्षेच्या प्रत्येक वर्षासाठी एक दिवस, संप झाला. सैन्याने गोळीबार केला, बाजार बंद राहिले. या संपात पगाराची मागणी नव्हती आणि तो पुकारणारी कोणती युनियनही नव्हती. लेनिनने त्याच वर्षी लिहिलेल्या लेखात या घटनेची दखल घेतली.

पहिल्या महायुद्धाच्या काळात महागाई वाढली आणि १९१८ पासून संपांची लाट आली. याच वर्षी मद्रासमध्ये बी. पी. वाडिया यांची मद्रास लेबर युनियन स्थापन झाली आणि अहमदाबादच्या संपात गांधीजी उतरले. अहमदाबादेत अनसूया साराभाई आणि गांधीजी यांच्या प्रेरणेने १९२० मध्ये मजूर महाजन उभे राहिले. लवादावर भर देणारी ही परंपरा पुढे काँग्रेसच्या कामगारधोरणाचा पाया ठरली.

अखिल भारतीय पातळीवरच्या संघटनेला निमित्त मिळाले देशाबाहेरून. १९१९ मध्ये आंतरराष्ट्रीय श्रम संघटना स्थापन झाली. तिच्या परिषदेला पाठवायचा कामगारांचा प्रतिनिधी प्रातिनिधिक संघटनेच्या संमतीने निवडावा, असा नियम होता. भारतात अशी संघटनाच नसल्याने वॉशिंग्टनच्या पहिल्या परिषदेला सरकारने ना. म. जोशी यांना स्वतःच नेमून पाठवले. ही उणीव भरून काढण्यासाठी ३१ ऑक्टोबर १९२० रोजी मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस, म्हणजे आयटक, स्थापन झाली. लाला लजपतराय अध्यक्ष होते आणि काका बॅप्टिस्टा व जोशी तिच्या उभारणीत पुढे होते. जोशी मध्यवर्ती कायदेमंडळात अनेक वर्षे कामगारांचे सरकारनियुक्त सदस्य राहिले. १९२१ मध्ये त्यांनी मांडलेल्या ठरावातून पाच वर्षांनी ट्रेड युनियन कायदा झाला.

१९२६ च्या या कायद्याने सात जणांना युनियन नोंदवता येऊ लागली आणि नोंदलेल्या युनियनच्या पदाधिकाऱ्यांना काही दिवाणी व फौजदारी कारवाईपासून संरक्षण मिळाले. मात्र नोंदणी झाली म्हणून मालकाने त्या युनियनशी बोललेच पाहिजे, अशी तरतूद त्यात नव्हती. संघटनेला अस्तित्व मिळाले, मान्यता मिळाली नाही.

लाल बावटा आणि १९२८ चा संप

१९२७-२८ मध्ये काही गिरण्यांनी कामाची फेररचना सुरू केली. दोन साचे चालवणाऱ्या विणकराने तीन साचे चालवावेत आणि सूतखात्यात एका बाजूऐवजी दोन बाजू सांभाळाव्यात, असा आग्रह होता. त्यामुळे माणसे कमी होणार होती. एप्रिल १९२८ मध्ये सुमारे दीड लाख कामगार संपावर गेले आणि ऑक्टोबरपर्यंत बाहेर राहिले. संप चालू असतानाच, मे महिन्यात, गिरणी कामगार युनियन (लाल बावटा) स्थापन झाली. तिच्यात अ. आ. आळवे आणि गो. रा. कासले हे गिरणीतून आलेले पुढारी आणि श्री. अ. डांगे, शां. सा. मिरजकर, र. शि. निंबकर, के. नी. जोगळेकर हे कम्युनिस्ट कार्यकर्ते एकत्र होते. वर्षअखेर तिची सभासदसंख्या पन्नास हजारांच्या पुढे गेली. खात्याखात्यांतून निवडलेल्या गिरणी समित्यांनी जॉबरच्या मक्तेदारीला पहिल्यांदा शह दिला.

याच संपात चळवळीतले एक व्यंग डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी उघड केले. साचेखात्यात सर्वांत चांगला पगार मिळे, पण तिथे अस्पृश्य कामगारांना घेतले जात नव्हते. धोट्यात नवी कांडी भरली की धाग्याचे टोक धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून काढावे लागे. एकाने तोंड लावलेला धोटा दुसऱ्याच्या हाती जाई. स्पृश्य विणकरांना हा विटाळ मान्य नव्हता. मालक आणि कामगार या दोघांनाही ही विभागणी चालत होती. संपाच्या मागण्यांत हा प्रश्न घ्यावा, असा आग्रह आंबेडकरांनी धरला. कामगारवर्गाच्या नावाने बोलणारी संघटना त्या वर्गातल्या कोणाकोणाच्या वतीने बोलते, हा मान्यतेच्या प्रश्नाचाच दुसरा भाग होता.

संपाचे यश पाहून सरकारने दोन पावले उचलली. २० मार्च १९२९ रोजी देशभर धरपकड झाली आणि मीरत कटाचा खटला उभा राहिला. मुंबईचे प्रमुख पुढारी त्यात अडकले. त्याच वर्षी ट्रेड डिस्प्यूट्स कायदा करून सहानुभूतीच्या आणि सरकारवर दबाव आणणाऱ्या संपांवर बंधने घालण्यात आली. पुढारी तुरुंगात असताना १९२९ चा दुसरा सार्वत्रिक संप फसला. आयटकही १९२९ आणि १९३१ मध्ये फुटली.

काँग्रेसचे सरकार आणि नवा कायदा

आंबेडकरांनी १९३६ मध्ये स्वतंत्र मजूर पक्ष काढला आणि पुढच्या वर्षीच्या प्रांतिक निवडणुकीत मुंबई इलाख्यात त्याला चांगले यश मिळाले. बाळासाहेब खेर यांच्या काँग्रेस सरकारने १९३८ मध्ये औद्योगिक कलह विधेयक आणले. सक्तीच्या समेटाची प्रक्रिया पूर्ण होण्याआधी केलेला संप त्याने बेकायदा ठरणार होता. संपाबद्दल शिक्षा करणे म्हणजे कामगाराला गुलाम करणे, अशी भूमिका आंबेडकरांनी विधिमंडळात मांडली. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट यांनी मिळून एक दिवसाचा संप घडवला. दहा वर्षांपूर्वी धोट्यावरून मतभेद झालेले दोन प्रवाह त्या दिवशी एका व्यासपीठावर आले. विधेयक तरीही मंजूर झाले.

महायुद्धाच्या काळात, १९४२ ते १९४६, आंबेडकर व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. कारखान्यांत आठवड्याचे अठ्ठेचाळीस तास काम ठरवणारी दुरुस्ती १९४६ मध्ये झाली. फेब्रुवारी १९४६ च्या नौदलाच्या उठावाला पाठिंबा म्हणून गिरणी कामगार संप करून रस्त्यावर उतरले. काँग्रेस आणि मुस्लिम लीग या दोन्ही पक्षांच्या नेत्यांचा या संपाला पाठिंबा नव्हता. गोळीबारात शहरात दोनशेहून अधिक माणसे मेली. परळच्या कार्यकर्त्या कमल दोंदे त्यांपैकी एक होत्या.

त्याच वर्षी मुंबई औद्योगिक संबंध कायदा झाला. तो मांडणारे मजूर मंत्री गुलझारीलाल नंदा अहमदाबादच्या मजूर महाजनातून आलेले होते. या कायद्यानुसार एका भागातील एका उद्योगात एकच ‘प्रातिनिधिक युनियन’ असणार होती. ती ठरवताना निबंधक सभासदांच्या नोंदी तपासणार होता. कामगारांचे गुप्त मतदान घेतले जाणार नव्हते. करार करण्याचा अधिकार त्या एका युनियनला आणि तो करार सर्वांवर बंधनकारक. मुंबईच्या कापड उद्योगात हा दर्जा काँग्रेसप्रणीत राष्ट्रीय मिल मजदूर संघाला मिळाला. १९४७ च्या मे महिन्यात काँग्रेसची इंटक स्थापन झाली आणि त्या वर्षापासून केंद्रीय संघटना पक्षांच्या रेषेवर विभागल्या गेल्या : समाजवाद्यांची हिंद मजदूर सभा, दत्तोपंत ठेंगडी यांचा १९५५ मधला भारतीय मजदूर संघ, मार्क्सवादी कम्युनिस्टांची १९७० मधली सिटू. देशभर मान्यता सक्तीची करणारी ट्रेड युनियन कायद्याची दुरुस्तीही १९४७ मध्ये मंजूर झाली, पण ती कधीच अमलात आणली गेली नाही.

रस्ता, मतपेटी आणि १९८२

अधिकृत युनियन एकीकडे आणि गिरणगावाचे मन दुसरीकडे, ही स्थिती संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात सर्वांना दिसली. नोव्हेंबर १९५५ आणि जानेवारी १९५६ मधील गोळीबारांत बळी गेलेल्यांत कामगारांची संख्या मोठी होती. अण्णा भाऊ साठे आणि अमर शेख यांच्या कलापथकांनी चाळीचाळींतून प्रचार केला. १९५७ मध्ये डांगे मुंबईतून प्रचंड मताधिक्याने लोकसभेवर गेले. भाषिक राज्याचा प्रश्न आणि कामगाराचा प्रश्न एकत्र आले, तेव्हा गिरणगावाने दिल्लीला मुंबई महाराष्ट्राबाहेर ठेवण्याचा निर्णय बदलायला लावला.

हे एकत्रीकरण पुढे विस्कटले. १९६६ मध्ये स्थापन झालेल्या शिवसेनेने नोकऱ्यांचा प्रश्न मराठी अस्मितेशी जोडला. परळचे कम्युनिस्ट आमदार कृष्णा देसाई यांचा जून १९७० मध्ये खून झाला आणि त्यांच्या जागी झालेल्या पोटनिवडणुकीत वामनराव महाडिक शिवसेनेचे पहिले आमदार झाले. गिरण्यांबाहेर मात्र युनियनचे राजकारण जोरात होते. महापालिका कामगार आणि टॅक्सीवाले यांचे पुढारी जॉर्ज फर्नांडिस यांनी १९६७ च्या लोकसभा निवडणुकीत काँग्रेसचे स. का. पाटील यांना पाडले. १९७४ च्या मे महिन्यात त्यांच्या नेतृत्वाखालचा रेल्वे संप वीस दिवस चालला आणि मोडून काढला गेला.

१९८१ च्या दिवाळीत बोनसवरून असंतोष उसळला आणि कामगार प्रातिनिधिक युनियनला बाजूला सारून डॉ. दत्ता सामंत यांच्याकडे गेले. १८ जानेवारी १९८२ पासून सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. पगारवाढीइतकीच महत्त्वाची मागणी होती ती औद्योगिक संबंध कायदा रद्द करून राष्ट्रीय मिल मजदूर संघाची मक्तेदारी संपवण्याची. सरकार आणि मालक यांचे उत्तर एकच होते : कायद्याने बोलणी फक्त मान्यताप्राप्त युनियनशीच होतील. ज्यांच्याशी बोलणी चालू होती त्यांच्यामागे कामगार नव्हते आणि ज्यांच्यामागे कामगार होते त्यांच्याशी बोलणी नव्हती. संप रीतसर मागे घेतला गेला नाही. तो विरत गेला. अनेकांना परत कामावर घेतले गेले नाही. १९८३ मध्ये केंद्राने तेरा गिरण्यांचे व्यवस्थापन ताब्यात घेतले. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीनंतर आणि तिच्या २००१ मधील दुरुस्तीनंतर गिरण्यांच्या जमिनींवर मॉल आणि मनोरे आले. इंदिरा गांधींच्या हत्येनंतरच्या लाटेत, डिसेंबर १९८४ मध्ये, सामंत काँग्रेसच्या विरोधात लढून लोकसभेवर निवडून आले. संपात हरलेल्या वस्तीने मतपेटीतून आपला प्रतिनिधी कोण ते सांगितले, पण तोवर कापड उद्योग तिच्या हातून गेला होता. जानेवारी १९९७ मध्ये सामंतांचा खून झाला.

संसदेने २०२० मध्ये मंजूर केलेल्या औद्योगिक संबंध संहितेत १९२६ चा कायदा विलीन झाला. एक्कावन्न टक्के कामगारांचा पाठिंबा असलेल्या युनियनला वाटाघाटीचा एकमेव अधिकार तिने दिला आणि मान्यतेचा प्रश्न पुन्हा देशव्यापी कायद्याच्या मजकुरात आणला. त्याच संहितेने कोणत्याही उद्योगात संपाआधी चौदा दिवसांची सूचनाही सक्तीची केली. कंत्राटी आणि ठरावीक मुदतीच्या नोकऱ्या वाढलेल्या कारखान्यात हजेरीपटावर कोणाचे नाव आहे, यावर आता सारे अवलंबून राहते. मुंबईच्या गिरण्यांचा अनुभव याबाबत स्पष्ट आहे. प्रतिनिधी कोण हे कामगारांच्या थेट, गुप्त मतदानाने ठरले नाही, तर करार कागदावर राहतो आणि असंतोष कायद्याच्या बाहेर वाट शोधतो. लोखंड्यांच्या अर्जापासून मुंबईच्या गिरणी कामगाराला ते मतदान हक्क म्हणून कधीच मिळाले नाही.