राजापूरच्या सड्यावर कान देऊन

दोस्तांनो, राजापूरचं नाव काढलं की मोठी माणसं लगेच विचारतात, "गंगा आलेय का?" उन्हाळे गावातली ही गंगा साधारण तीन वर्षांनी अचानक येते, कुंडं भरते आणि काही दिवसांनी गुडूप होते. मी गेलो तेव्हा गंगा नव्हती. पण जुलै महिना होता आणि पाऊस कसा धो धो कोसळत होता!

अर्जुना नदीकाठचं हे जुनं बंदर. सतराव्या शतकात इथे इंग्रजांची वखार होती, आणि १६६१ मध्ये शिवाजी महाराजांनी राजापूरवर स्वारी केली. हे तुम्ही इतिहासात वाचलं असेलच. पण आज मी तुम्हाला राजापूर बघायला नाही, ऐकायला नेणार आहे. चला तर!

आधी धोपेश्वरला जाऊ. धूतपापेश्वराच्या देवळाशेजारीच मृडानी नदीचा धबधबा आहे. पावसाळ्यात तो इतका गर्जतो, की शेजारच्याशी बोलायचं तर त्याच्या कानाशी तोंड न्यावं लागतं. हा आवाज लक्षात ठेवा हं, पुढे उपयोगी पडणार आहे.

आता अंधार पडायच्या सुमारास सड्यावर. सडा म्हणजे जांभ्या दगडाचं पठार. उन्हाळ्यात तव्यासारखं तापणारं, पावसात डबक्यांनी भरलेलं. मी ज्यांच्या घरी उतरलो होतो, त्यांचा आठवीतला मुलगा बॅटरी घेऊन पुढे चालला होता. बॅटरी विझवली मात्र, आणि मैफल सुरू! रातकिडे पंखावर पंख घासून किरकिरत होते. डबक्यातून 'डराँव डराँव' येत होतं. प्रकाश टाकला तर काय, पिवळाधमक बेडूक, गळ्याशी दोन निळे फुगे! एरवी मातकट दिसणारा हा नर पावसाळ्यात असा नवरदेवासारखा नटतो.

मुलगा मात्र गप्प होता. थोड्या वेळानं म्हणाला, "काका, बाबा चिरेखाणीत यंत्रावर असतात. त्यांना आता कमी ऐकू येतं. पोरं म्हणतात, मोठा झालास की तूपण बहिरा होणार. खरं काय?"

मी त्याला सांगितलं ते तुम्हालाही सांगतो. आपल्या आतल्या कानात केसांसारखे बारीक तंतू असलेल्या पेशी असतात. सततच्या मोठ्या आवाजानं त्या मरतात आणि पुन्हा उगवत नाहीत. पण ही इजा कानापुरतीच. मुलांकडे जाणाऱ्या जनुकांत ती लिहिली जात नाही. आपल्याकडे कान टोचण्याची रीत किती पिढ्यांची! म्हणून काय कुणी बाळ भोकं पडलेले कान घेऊन जन्माला आलंय? काही बहिरेपण वारशानं येतं, पण ते वेगळं.

"मग आवाजानं पिढी बदलतच नाही?" त्यानं विचारलं.

बदलते की! पण निराळ्या वाटेनं. हवाईच्या कवाई बेटावर रातकिड्यांच्या मागे एक माशी लागली. ती गाण्याच्या रोखानं येते आणि गाणाऱ्यावर आपल्या अळ्या सोडते. अळ्या त्याला आतून खातात. काही नरांच्या पंखांत मात्र जन्मतःच असा बदल होता, की त्यांना गाताच येईना. माशीला ते सापडेनात, म्हणून त्यांचीच पिल्लं वाढली. वीसपेक्षाही कमी पिढ्यांत, २००३ पर्यंत तिथले बहुतेक नर मुके झाले! मग माद्या कशा भेटणार? हे मुके नर उरलेल्या गवयांच्या शेजारी जाऊन बसतात आणि गाणं ऐकून येणाऱ्या माद्यांना वाटेतच गाठतात. आहेत की नाही बिलंदर?

आणि तो धबधबा आठवतोय ना? आपल्याच सह्याद्रीत, खाली कर्नाटक-केरळात, खळखळत्या ओढ्यांकाठी नाचरे बेडूक राहतात. पाण्याच्या गोंगाटात नुसती हाक पोचणं कठीण, म्हणून नर मागचा पाय लांब करून झेंड्यासारखा हलवतात. म्हणजे बघा, आवाज अंगात शिरून वारसा बदलत नाही. कुणाची पिल्लं जास्त जगणार आणि वाढणार, हे मात्र तो ठरवू शकतो.

मुलानं मोठा श्वास सोडला. घरी गेल्यावर त्यानं आधी बाबांना गाठलं. "बाबा, उद्यापासून यंत्रावर इयरप्लग घालायचे. कापूस नाय चालत!" बाबांनी कानामागे हात धरून विचारलं, "काय म्हणालास?" त्यानं पुन्हा सांगितलं, मोठ्यानं, अगदी जवळ जाऊन.

तुम्हीही पावसाळ्यात राजापूरला जा. सड्यावर मोठ्यांना बरोबर घेऊनच जा, बेडकांना हात लावू नका, आणि बॅटरी विझवून पाच मिनिटं गप्प बसा. किती वेगवेगळे आवाज मोजलेत, ते मला कळवाल ना?