पुलापलीकडची मॅडम डायरेक्टर

न्यू यॉर्कला ऑनसाइट गेलेला मराठी माणूस वीकएंडला काय करतो? टाइम्स स्क्वेअर, स्टॅच्यू ऑफ लिबर्टी, नाहीतर एडिसनला जाऊन मसाला डोसा. ठीक आहे. पण एक शनिवार राखून ठेवा आणि मॅनहॅटनकडून जॉर्ज वॉशिंग्टन ब्रिज चक्क चालत पार करा. खाली हडसन, समोर पॅलिसेड्सचे उभे कडे. पलीकडे न्यू जर्सीतलं फोर्ट ली. हॉलिवूडचा दबदबा सुरू होण्याआधी अमेरिकेची फिल्म इंडस्ट्री इथे होती.

आज लेमॉइन अॅव्हेन्यूवर फिरताना शंकाही येत नाही. दुकानं, रेस्तराँ, ट्रॅफिक. मी सोलॅक्स स्टुडिओची जागा शोधत होते. सापडलं सुपरमार्केट आणि एक पाटी. पाटीवरचं नाव : अॅलिस गी-ब्लाशे.

बाई म्हणजे कमाल! पॅरिसच्या गोमाँ कंपनीत सेक्रेटरी. फिल्म करू का, असं तिनं बॉसला विचारलं. 'कर, पण ऑफिसचं काम अडता कामा नये,' ही अट. १८९६ मध्ये तिनं पहिली फिल्म केली. १९०७ मध्ये अमेरिका, १९१० मध्ये स्वतःची सोलॅक्स कंपनी आणि १९१२ मध्ये फोर्ट लीत लाखभर डॉलर्सचा स्टुडिओ. तेव्हा आपल्याकडे फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायचा होता, आणि अमेरिकेतल्या बायकांना देशभर मतदानाचा हक्क मिळायला अजून ८ वर्षं होती. नटांसाठी तिनं स्टुडिओत बोर्ड लावला होता : 'बी नॅचरल'. गोरे नट तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांच्या भूमिका करायचे, त्या काळात तिनं 'अ फूल अँड हिज मनी'मध्ये सगळे कृष्णवर्णीय कलाकार घेतले.

याच गावात पुढे ऑस्कर मिशो या कृष्णवर्णीय दिग्दर्शकानं 'द सिम्बॉल ऑफ द अनकॉन्कर्ड' (१९२०) शूट केला. त्यात खलनायक होते कू क्लक्स क्लॅनवाले!

मग इंडस्ट्री कॅलिफोर्नियाला गेली. अॅलिसचं लग्न मोडलं. १९२२ मध्ये दोन मुलांना घेऊन ती फ्रान्सला परतली, पुन्हा फिल्म करायला मिळाली नाही. इतिहास लिहिणाऱ्यांनी तिच्या फिल्म्स पुरुषांच्या नावावर टाकल्या. ती अमेरिकेत येऊन स्वतःच्याच फिल्म्स शोधत राहिली, स्वतःच्या कामाच्या याद्या करत राहिली. १९६८ मध्ये, ९४ व्या वर्षी ती गेली. तिच्या आठवणींचं पुस्तक आलं १९७६ मध्ये!

आपल्या प्रेझेंटेशनवर दुसऱ्याचं नाव लागलं तर आपण आठवडाभर धुमसतो. इथे अख्खी करिअरच गायब झाली होती. २०१२ मध्ये फोर्ट लीकरांनी पुढाकार घेऊन माहवा गावातल्या तिच्या थडग्यावर नवा दगड बसवला. त्यावर आता तिचं कामही कोरलंय.

जाच एकदा. पाटी वाचा, मग याच गावात २०२२ मध्ये उघडलेल्या बॅरीमोर फिल्म सेंटरमध्ये काय लागलंय ते बघा. आणि सोमवारी ऑफिसात मेल टाकताना, ज्यानं काम केलंय त्याचं नाव आठवणीनं लिहा.