जयपूरची सावली आणि एक दिवस मागे गेलेली जन्मतारीख

एप्रिलच्या मध्यावर जयपूरच्या जंतरमंतरमध्ये सम्राट यंत्रापुढे उभी राहिले आणि मनगटावरचे घड्याळ सावलीशी ताडून पाहिले. सुमारे २७ मीटर उंचीच्या त्या शंकूची सावली सेकंदाला साधारण एक मिलिमीटर सरकते. कमानीवर दोन-दोन सेकंदांच्या खुणा आहेत. तरीही सावली घड्याळाच्या जवळपास २७ मिनिटे मागे होती. चूक दोघांचीही नव्हती. आपली प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची, जयपूर ७५.८ अंशांवर, आणि दर अंशाला चार मिनिटे. सावली जयपूरची वेळ सांगत होती, घड्याळ देशाची.

मला हसू आले नाही, कारण आदल्याच आठवड्यात मी लिहिलेल्या जावा प्रणालीने विद्यार्थ्यांच्या जन्मतारखा एक दिवस मागे नेल्या होत्या. १ जुलैला जन्मलेली मुलगी ३० जूनची झाली. प्रवेशाला वयाची अट असेल, तर एवढ्यावरून तिचे वर्ष हुकू शकते.

जेसनमध्ये तारखेसाठी वेगळा प्रकारच नाही. ती मजकूर किंवा संख्या म्हणून जाते. जावातील जुना 'डेट' नावापुरता तारीख आहे. आत असतात १ जानेवारी १९७० पासून यूटीसीनुसार मोजलेले मिलिसेकंद. भारतातील १ जुलैची मध्यरात्र म्हणजे यूटीसीचे ३० जून, १८:३०. टाइमझोन सांगितला नाही, तर जॅक्सन यूटीसीच गृहीत धरते. मी केवळ वर्ष-महिना-दिवस असा साचा दिला होता. साचा निर्दोष, तारीख चुकीची.

घाईत '+०५:३०' जोडून मोकळी झाले. मग १९४३ सालच्या एका जन्मतारखेने पुन्हा दगा दिला! सप्टेंबर १९४२ ते ऑक्टोबर १९४५ या युद्धकाळात भारतातील घड्याळे एक तास पुढे होती, आणि जावाच्या कालपट्ट्यांच्या नोंदीत ते आहे. त्यामुळे तेव्हाची मध्यरात्र ठरीव '+०५:३०' मध्ये आदल्या रात्रीचे अकरा होते.

मुळात जन्मतारीख हा क्षण नव्हेच. तिच्यासाठी २०१४ मध्ये जावा ८ सोबत आलेला 'लोकलडेट' आहे. त्याला ना तास, ना टाइमझोन. (जॅक्सनची दुसरी आवृत्ती तो आपणहून आकड्यांची यादी म्हणून लिहिते, ती सवय बंद करावी लागते.) परीक्षा सुरू झाल्याची वेळ मात्र खरोखर क्षण आहे. ती मी आता आयएसओ ८६०१ च्या रूपात, यूटीसीपासूनच्या अंतरासह पाठवते.