पुलकेशीची टाळी

अजिंठ्यावर व्याख्यान असलं की लेणे क्रमांक १ मधला दरबार मी मुद्दाम मागे राखून ठेवायचे. टोकदार टोप्यांचे दाढीवाले परदेशी, हातात नजराणे, समोर सिंहासनावर राजा. हा चालुक्यांचा दुसरा पुलकेशी आणि हे इराणच्या दुसऱ्या खुस्रोचे वकील, असं मी ठणकावून सांगे. हर्षवर्धनाला नर्मदेवर अडवणाऱ्या राजाचं नाव निघालं की श्रोते सरसावून बसत. टाळी हमखास.

ही ओळख १९व्या शतकात जेम्स फर्ग्युसन यांनी पटवली. हिंदुस्थानातल्या एका राजाने खुस्रोला नजराणे धाडल्याचं इतिहासकार तबरीने लिहिलंय. त्याची परतभेट म्हणजे हे चित्र, असा तर्क. पण पुलकेशी गादीवर आला ६१० च्या सुमारास, आणि वॉल्टर स्पिंक यांच्या कालक्रमानुसार हे लेणं पाचव्या शतकातल्या वाकाटक हरिषेणाच्या कारकिर्दीतलं. स्पिंक यांची नेमकी वर्षं सगळ्यांना मान्य नाहीत, तरी या दरबारात पुलकेशी पाहणारा अभ्यासक आता विरळाच. डिटर श्लिंगलॉफ यांनी तिथे बौद्ध कथेतला महासुदर्शन राजा ओळखला आहे.

हे सगळं मी वाचलेलं होतं. अज्ञानातून बोलले असते तर निदान सबब तरी होती. ‘लोकांना आधी गोडी लागू दे, बारकावे नंतर’ असं मी स्वतःला समजावत राहिले, आणि ते ‘नंतर’ कधी आलंच नाही. आला तो एका शाळेचा फोन. माझ्या व्याख्यानावरून मुलांनी स्नेहसंमेलनात नाटुकलं बसवलं होतं. पुठ्ठ्याच्या टोप्या घातलेले इराणी वकील झकास मुजरा करत होते. प्रमुख पाहुणी मी. पुलकेशी झालेल्या मुलाला बक्षीस दिलं आणि भाषणात अवाक्षर काढलं नाही.

चित्रं ओल्या गिलाव्यावर काढलीत, हेही मी बिनदिक्कत सांगायचे. सहलीतल्या एका गवंडीकाकांनी भिंतीकडे बघून विचारलं, ‘मॅडम, ओल्यात रंग मुरला असता तर असा पापुद्रा सुटला असता का?’ बरोबर होतं त्यांचं. मातीत भुसा, तंतू कालवून केलेला गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात, तो वाळल्यावर डिंकासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग, अशी ती रीत. काकांना तिथेच दाद दिली. त्यात माझं काही जात नव्हतं.

पुलकेशीला सोडणं जड गेलं. आता मी फर्ग्युसन यांचा तर्क सांगते, तो का टिकला नाही तेही सांगते. त्याला वेळ लागतो, पाठीमागच्या रांगेत चुळबुळ सुरू होते. एका आयोजकांनी तर आधीच विनवलं, ‘ताई, तारखा-बिरखा राहू द्या. ते पुलकेशीचं तेवढं घ्या.’ घेतलं, पण तारखांसकट. टाळी पडली नाही.