फाइलमधली मान आणि हाताखालची मान

डोकेदुखीचा पेशंट आला की आधी पिशवी उघडते. एक्स-रे निघतो, एमआरआयचा मोठा लिफाफा निघतो आणि बऱ्याचदा तळाशी गुंडाळून ठेवलेला गळ्याचा पट्टा. ‘मॅडम, पाच-सहा नंबरच्या मणक्यात गॅप कमी झालाय, म्हणून डोकं दुखतं.’ हे वाक्य त्यांना कुणीतरी दिलेलं असतं आणि त्यांनी ते इमानेइतबारे पाठ केलेलं असतं.

मी नाशकात फिजिओथेरपीची प्रॅक्टिस करते आणि मानेतून उठणारी डोकेदुखी हा माझा आवडीचा प्रांत. तरीही, किंवा म्हणूनच, सांगते: मानेमुळे डोकं दुखतं हे खरं, पण आपल्याकडे जितकी डोकी मानेच्या खात्यावर टाकली जातात तितकी तिची नसतात.

पाच-सहाचंच घ्या. त्या दोन मणक्यांमधून निघणारी नस खांद्यावरून हाताच्या अंगठ्याकडे जाते. तिथली झीज चाळिशी-पन्नाशीनंतर, ज्यांची मान आयुष्यात दुखली नाही अशांच्याही एक्स-रेत सर्रास दिसते. खालची मान आखडली तर खांद्याचे स्नायू ओढले जाऊन डोकं जड होतं, नाही असं नाही. पण दुखणं थेट डोक्यात पोचवणाऱ्या नसा म्हणजे मानेच्या वरच्या तीन. कवटी आणि पहिला मणका, पहिला आणि दुसरा, दुसरा आणि तिसरा, एवढाच तो मुलूख. त्यातल्या पहिल्या दोन जोडांत गादी नसतेच. तेव्हा ‘गादी सरकली म्हणून डोकं दुखतं’ असं कुणी सांगितलं, तर कुठली गादी एवढं विचारायला हरकत नाही.

मग मानेतलं दुखणं डोळ्यामागे कसं जातं? कपाळाची, डोळ्याची, चेहऱ्याची संवेदना ट्रायजेमिनल नावाची नस वाहते. ती मेंदूच्या देठात शिरते, पण तिचं केंद्र तिथे संपत नाही. ते मानेच्या मज्जारज्जूत तिसऱ्या नसेच्या पातळीपर्यंत उतरलेलं असतं. मानेच्या वरच्या तीन नसा येऊन मिळतात त्या याच पेशींना. एका मीटरवर दोन घरं असली की बिल कुणाचं ते मीटरला सांगता येत नाही, तसं मेंदूचं होतं: कळ निघते मानेतल्या जोडातून आणि मेंदू ती भुवईच्या नावावर लिहितो. १९४४ मध्ये कॅम्पबेल आणि पार्सन्स या अमेरिकी डॉक्टरांनी कवटीच्या तळाशी असलेल्या स्नायूंत मिठाचं पाणी टोचून पाहिलं, तर लोकांना डोक्यात दुखलं. पुढे ऑस्ट्रेलियाच्या निकोलाय बॉगडक यांनी या रचनेचा बारकाईने अभ्यास केला. ‘सर्व्हायकोजेनिक हेडेक’ हे नाव मात्र १९८३ मध्ये नॉर्वेच्या ऑटर शोस्टाड यांनी दिलं. मेंदूविकारतज्ज्ञांपैकी बऱ्याच जणांना ते कित्येक वर्षं पटलं नव्हतं. आज आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात या दुखण्याला स्वतंत्र जागा आहे.

याच शोस्टाड यांनी नॉर्वेतल्या वोगो नावाच्या गावात अठराशेहून अधिक माणसं तपासली. मानेची डोकेदुखी निघाली ४ टक्क्यांच्या आसपास. आणि आपल्या शेजारी, कर्नाटकात, बंगळुरू आणि आसपासच्या खेड्यांतल्या पाहणीत वर्षभरात मायग्रेन झालेली माणसं निघाली चारात एक. दोन देश, दोन पद्धती. आकडे शेजारी ठेवून गणित मांडू नये हे मला कळतं. तरी अंदाज यायला एवढं पुरे.

इथेच सगळा घोळ आहे. मायग्रेनमध्ये मान दुखते. २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात तर मायग्रेनसोबत मळमळीपेक्षा मानदुखी जास्त वेळा आढळली. मीटर तोच, फक्त उलट्या दिशेने. पेशंट मान धरून येतो, मानेवर दाबलं की त्याला बरंही वाटतं आणि ‘स्पॉन्डिलायटिस’चा शिक्का बसतो. शाळेत शिकवणाऱ्या एक बाई वर्गातही पट्टा घालून उभ्या राहायच्या. दुखणं कधी डावीकडे, कधी उजवीकडे; पाळीच्या आधी ठरलेलं; उजेड नको, फोडणीचा वास नको, शेवटी उलटी झाली की सुटका. मानेचा प्रत्येक जोड मोकळा होता. त्यांना मी व्यायाम दिले नाहीत, मेंदूविकारतज्ज्ञांकडे पाठवलं. मायग्रेनचं औषध सुरू झालं आणि पट्टा माळ्यावर गेला.

मानेची डोकेदुखी वागायला वेगळी असते. ती बाजू बदलत नाही. उजवी धरली की उजवीच. कवटीच्या बुडातून उठते, कानामागून वर चढते, कपाळापाशी किंवा डोळ्यामागे जाऊन बसते. ठणकत नाही, ओढ लागल्यासारखी दुखते. गाडी मागे घेताना, आरशात बघून मागचे केस विंचरताना, एकाच बाजूला मान करून झोपल्यावर ती उठते. म्हणून मी ‘किती दुखतं’ याआधी ‘काय केल्यावर दुखतं’ हे विचारते.

मग पेशंटला उताणं झोपवायचं, दोन्ही हातांत डोकं घ्यायचं आणि हनुवटी पूर्ण छातीकडे न्यायची. असं केलं की खालचे मणके ताणून बंद होतात. मान वळते ती जवळपास पहिल्या-दुसऱ्या मणक्यातच. एरवीही आपल्या मानेचं निम्मं वळणं याच एका जोडात होतं. वाकवलेल्या अवस्थेत डोकं दोन्ही बाजूंना ४० ते ४५ अंश वळायला हवं. एका बाजूला तीस अंशांतच अडलं आणि पेशंट म्हणाला ‘हीच ती कळ, इथेच डोळ्यात येते’, तर मला एमआरआयची घाई नसते. त्यानंतर अंगठ्याने एकेक जोड दाबत जायचं. नुसतं दुखणं पुरेसं नाही, कवटीच्या बुडाशी दाबलं तर कुणालाही दुखेल. ओळखीचं दुखणं उठलं पाहिजे. या चाचणीचेही अपवाद आहेत, काही मायग्रेनवाल्यांचीही मान थोडी अडते. म्हणून वागणं, वळणं आणि दाबणं या तिन्हींची साक्ष एक यावी लागते. त्यातूनही शंका राहिली तर भूलतज्ज्ञ त्या जोडाची नस सुईने बधिर करून बघतात. डोकं तेवढ्या वेळापुरतं थांबलं, तर पुरावा पक्का.

काही पेशंटच्या मानेला मी हातच लावत नाही. आयुष्यात पहिल्यांदाच, क्षणात शिगेला पोचलेली डोकेदुखी, ताप आणि ताठलेली मान, हातापायांत कमजोरी, पन्नाशीनंतर नव्याने सुरू झालेलं दुखणं, त्यातही केस विंचरताना टाळू दुखते आणि चावताना जबडा दमतो. ही सगळी थेट डॉक्टरांकडे. आपल्याकडे यात क्षयाची भर घालावी लागते. आठवडेच्या आठवडे बारीक ताप, घटणारं वजन आणि हळूहळू वाढणारं डोकं म्हणजे मेंदूच्या आवरणाचा क्षय असू शकतो. क्वचित तो कवटी आणि मानेच्या सांध्यातच घर करतो. संधिवाताच्या जुन्या पेशंटमध्ये पहिला-दुसरा मणका सैल झालेला असू शकतो, तिथे हिसका म्हणजे मज्जारज्जूशी खेळ. या सैल जोडाला पट्टी आणि स्क्रूने स्थिर करण्याची जी शस्त्रक्रिया आज जगभर केली जाते, ती मुंबईच्या केईएम रुग्णालयात डॉ. अतुल गोयल यांनी विकसित केली आणि १९९४ मध्ये प्रसिद्ध केली. जर्मनीच्या युर्गन हार्म्स यांनी २००१ मध्ये तिच्यात बदल सुचवले, म्हणून पुस्तकांत दोघांचं नाव जोडून येतं. परळच्या महापालिकेच्या हॉस्पिटलातलं हे काम आपल्या लोकांना फारसं माहीत नसतं, याचं मला वाईट वाटतं.

हिसक्यावरून आठवलं. दाढी-कटिंग झाल्यावर मान कडकन मोडून घेण्याची हौस अजून गेलेली नाही. मेंदूकडे जाणाऱ्या दोन रक्तवाहिन्या मानेच्या मणक्यांच्या भोकांतून वर चढतात आणि पहिल्या मणक्यावरून वळसा घेऊन आत शिरतात. नेमक्या त्याच वळणावर हिसका बसतो. वाहिनीचा आतला पदर फाटला तर गुठळी होऊन पक्षाघात होऊ शकतो. ब्यूटी पार्लरच्या बेसिनवर मान मागे टाकून केस धुतल्यावर झालेल्या पक्षाघातांची नोंद अमेरिकेत १९९३ मध्येच झाली आहे. हे क्वचित घडतं, पण कडकन आवाजाने कुणाची डोकेदुखी कायमची गेलेली मी पाहिलेली नाही. डोक्याला चंपी खुशाल करा, मान सलूनवाल्याच्या हातात देऊ नका.

उपचार सांगायला घेतले की लोक निराश होतात, कारण त्यात यंत्र नाही. आखडलेला जोड हाताने, सावकाश, पेशंटच्या सोसण्याच्या आत हलवायचा. न्यूझीलंडच्या ब्रायन मलिगन यांची एक युक्ती घरी करण्यासारखी आहे आणि ती आम्ही पंचावर बसवली आहे. पंचाची कड कवटीच्या लगेच खाली, पहिल्या मणक्यावर अडकवायची. दोन्ही टोकं पुढे घेऊन एक टोक हलकं ओढून धरायचं आणि अडणाऱ्या बाजूला मान वळवायची. कुठलं टोक आणि कुठली बाजू हे मात्र तपासून घेतल्याशिवाय करू नये. ऑस्ट्रेलियात टोबी हॉल आणि सहकाऱ्यांनी २००७ मध्ये स्ट्रॅपने हेच करून पाहिलं. पेशंट फक्त ३२ होते, पण वर्षभरानंतरही फरक टिकला होता.

दुसरी गोष्ट मानेच्या पुढच्या खोल स्नायूंची. त्यांचं नावही कुणाला ठाऊक नसतं आणि मानेची डोकेदुखी असलेल्यांत ते हमखास ढिले सापडतात. उताणं झोपून, मानेखाली घडी ठेवून, अगदी बारीक ‘हो’ म्हटल्यासारखी हनुवटी खाली घ्यायची आणि दहा सेकंद धरायची. डोकं उचलायचं नाही, गळ्याच्या शिरा फुगवायच्या नाहीत. दिसायला एवढं फालतू की पुरुष पेशंट हमखास ‘बस, एवढंच?’ म्हणतात आणि तिसऱ्यांदा धरताना थरथरतात. फिजिओथेरपिस्ट ग्वेन जुल यांनी २००२ मध्ये २०० पेशंटचे चार गट करून पाहिलं: हाताचे उपचार, व्यायाम, दोन्ही आणि काहीच नाही. हाताचे उपचार आणि व्यायाम, दोहोंचा गुण वर्षभर टिकला. या सगळ्यात गळ्याच्या पट्ट्याला कुठे जागा नाही. अपघातानंतर, मोड असेल तर तो हवा; एरवी तो मानेला आणखी आळशी करतो.

आणि गोळ्या. साधी वेदनाशामक गोळी महिन्यात १५ दिवस किंवा त्याहून अधिक, मिश्र गोळी १० दिवस किंवा अधिक, असं तीन महिन्यांवर चाललं की गोळीच डोकेदुखी निर्माण करते. मग मान मोकळी करूनही डोकं थांबत नाही, आणि दोष व्यायामाला.

दिवाळीच्या आधी-नंतर माझ्याकडे गर्दी वाढते ती पंखे पुसणाऱ्या, जळमटं काढणाऱ्या बायकांची. पण नाशिक जिल्ह्याची खरी मान बघायची तर दोन टोकांना जावं लागतं. येवल्यात पैठणीचे विणकर मागावर खाली बघून बसतात, बुट्टी भरताना नजर हातभर अंतरावर खिळलेली. आणि दिंडोरी-निफाडकडे द्राक्षाच्या मांडवाखाली माणसं तासन्‌तास वर बघतात. ऑक्टोबर छाटणी झाली की पुढे घडांची विरळणी आणि डिपिंग, म्हणजे घड औषधात बुडवणं, येतं. हात वर, मान मागे. कवटीच्या बुडाचे जोड या स्थितीत पुरते चेपलेले असतात. मोबाइलमुळे मान गेली म्हणून वर्तमानपत्रं रकाने भरतात, मांडवाखालच्या मानेवर कुणी ओळ लिहीत नाही.

हे काम बरंचसं पेठ-सुरगाण्याकडून येणाऱ्या टोळ्या उक्तं घेतात. एकराचा भाव ठरलेला, त्यामुळे ‘अर्ध्या तासाने थांबत जा’ हा माझा सल्ला म्हणजे त्यांच्या पैशांवर माझा उदारपणा. वाय पद्धतीच्या बागेत घड खाली येतात, तिथे त्रास कमी. मांडव असेल तर पायाखाली घोडी घेऊन घड डोळ्यांसमोर आणावेत असं मी बागायतदारांना सांगते, आणि काही जण ऐकतातही. मजुरांना मात्र जेवणाच्या सुट्टीतलंच सांगते: बांधावर उताणं पडायचं, मानेखाली टॉवेलची घडी, आणि तो बारीक ‘हो’ दहा वेळा. दोन-तीन मिनिटांचं काम, त्यात कुणाचं उक्तं बुडत नाही.