फॉर्म नंबर ४४

बँकेच्या काउंटरमागे वीस वर्षं काढलेल्या माणसाला दोनच गोष्टी पाहून गहिवरून येतं: महिन्याचा दुसरा शनिवार आणि नीट भरलेला फॉर्म. म्हणूनच आमचा इंजिनीअरिंगचा भाचा सुट्टीत येऊन म्हणाला, "मामा, फॉर्म ४३ चा ४४ करतोय," तेव्हा मी चष्मा पुसून खुर्ची ओढली.

फॉर्म निघाला 'स्कायरिम' या व्हिडिओ गेमचा. हा गेम २०११ साली आला आणि २०१६ साली त्याची 'स्पेशल एडिशन' निघाली. जुनी ३२ बिटांची, नवी ६४ बिटांची. त्यात हौशी मंडळी पदरमोड करून नवं घर, नवी तलवार, नवा शेजारी जोडतात. त्याला म्हणतात मॉड. जुन्या आवृत्तीचा मॉड नवीत नेणं म्हणजे खातं दुसऱ्या शाखेत नेणं. नव्या आवृत्तीच्या 'क्रिएशन किट'मध्ये फाइल उघडून पुन्हा सेव्ह केली, की तिच्या आतला ४३ आकडा ४४ होतो.

"झालं?"

"छे! हे नुसतं पासबुक झालं, मामा."

वरचे रंगपोत बहुधा निमूट येतात. पण आकृत्यांचे सांगाडे नव्या साच्यात बसवावे लागतात आणि हालचालींच्या फाइली ३२ वरून ६४ बिटांवर न्याव्या लागतात. त्या राहिल्या, तर शूर योद्धा दोन्ही हात आडवे पसरून उभा राहतो. सर्व्हर बंद पडल्यावर आमचे कॅशियर हुबेहूब असेच दिसतात.

तीन रात्री जागून गड्यानं एक अख्खं घर नव्या आवृत्तीत उभं केलं. पार चुलीतल्या जाळासकट!

"आता वाट की सगळ्यांना," सौ. म्हणाली.

"नाही मामी. ज्यानं मूळ केलंय त्याची परवानगी नाही आली. दोनदा विचारलं. माझ्यापुरतं ठेवीन."

"अरे, कुणाला कळणार आहे?"

हाच प्रश्न मला काउंटरवर आजवर कितीजणांनी विचारला असेल! प्रत्येक वेळी मी कागद परत सरकवला आणि पाठीमागे 'आडमुठा' हे विशेषण ऐकलं. आता उत्तर द्यायला मी तोंड उघडणार, तोच भाचा शांतपणे म्हणाला, "मामी, सही त्याची हवी."

मी काही बोललो नाही. घसा जरा भरून आला होता.

सौ. आत जाता जाता म्हणाली, "मामा-भाचे दोघंही एकाच फॉर्मवर छापलेले!"